भास्कराचार्यांचे चक्र आणि न थांबणारे यंत्र

'अल्गोरिदमचा शोध भास्कराचार्यांनी लावला' हे वाक्य दर काही महिन्यांनी समाजमाध्यमांवर फिरते. त्याखाली लगेच दोन तट पडतात. एक तट ते अभिमानाने पुढे पाठवतो, दुसरा त्याची टिंगल करतो. 'बीजगणित' उघडून पाहण्याची तसदी सहसा कोणताच तट घेत नाही. वास्तविक भास्कराचार्य आणि अल्गोरिदम यांचा संबंध आहे, आणि तो या वाक्यात दिसतो त्यापेक्षा बराच खोल आहे. इ.स. ११५० मध्ये त्यांनी ज्या समीकरणाची उकल काढण्याची रीत लिहून ठेवली, त्याच समीकरणाच्या आधाराने विसाव्या शतकात असे सिद्ध झाले की एका व्यापक प्रश्नासाठी अशी रीत कोणालाही, कधीही लिहिता येणार नाही. हा धागा त्या सुमारे आठशे वीस वर्षांचा आहे.

आधी शब्दाविषयी. नवव्या शतकात बगदादमध्ये अल-ख्वारिझ्मी नावाचा गणिती होऊन गेला. भारतीय अंकांनी हिशेब कसा करावा, यावर त्याने पुस्तक लिहिले. बाराव्या शतकात त्याचे लॅटिन भाषांतर झाले आणि लेखकाच्या नावाचाच अपभ्रंश होऊन 'अल्गोरिदम' हा शब्द तयार झाला. म्हणजे युरोपात हा शब्द रुजत होता, साधारण त्याच शतकात सह्याद्रीच्या परिसरात भास्कराचार्य आपली 'करणसूत्रे' रचत होते. करणसूत्र म्हणजे काय करायचे ते क्रमाने सांगणारे सूत्र. पहिली पायरी ही, दुसरी ही, आणि अमुक मिळाले की थांबावे. वस्तू एकच, नावे दोन.

भास्कराचार्यांचा जन्म शके १०३६ म्हणजे इ.स. १११४ चा. वयाच्या छत्तिसाव्या वर्षी त्यांनी 'सिद्धान्तशिरोमणी' पूर्ण केला. लीलावती, बीजगणित, ग्रहगणित आणि गोलाध्याय हे त्याचे चार भाग. लीलावतीमधले कुट्टकाचे एक उदाहरण पाहावे. २२१ ला अशा संख्येने गुणायचे की गुणाकारात ६५ मिळवल्यावर येणाऱ्या संख्येला १९५ ने नि:शेष भाग जावा. कुट्टकाची रीत सांगते की तिन्ही संख्यांना १३ ने भागून त्या लहान कराव्यात, मग १७ आणि १५ यांचा परस्परांना भाग देत जावे, आणि मिळालेल्या भागाकारांवरून उलट चालत उत्तर काढावे. उत्तर ५. पडताळा सोपा आहे: २२१ ची पाचपट ११०५, त्यात ६५ मिळवले की ११७०, आणि ११७० म्हणजे १९५ ची बरोबर सहापट.

या रीतीमध्ये दोन गोष्टी लक्षात घेण्याजोग्या आहेत. परस्पर भागाकारात प्रत्येक बाकी मागच्या बाकीपेक्षा लहान असते. लहान लहान होत जाणारी पूर्णांक बाकी कुठेतरी संपणारच. म्हणून कुट्टक थांबणार, याविषयी शंका घ्यायला जागा नाही. दुसरी गोष्ट अधिक महत्त्वाची. वरच्या उदाहरणात ६५ च्या जागी ६६ घातले तर? २२१ आणि १९५ या दोहोंना १३ ने भाग जातो, ६६ ला जात नाही. मग कितीही शोधले तरी उत्तर सापडणार नाही. हे आधीच ओळखण्याची कसोटी भास्कराचार्यांनी देऊन ठेवली आहे आणि अशा प्रश्नाला त्यांनी 'दुष्ट' म्हटले आहे. आजच्या भाषेत, उकल असेल तर काढून देणारी आणि नसेल तर 'नाही' असे सांगून थांबणारी ही पूर्ण निर्णयपद्धती झाली. 'नाही' सांगता येणे हे 'आहे' सांगता येण्याइतकेच मोलाचे असते. पुढची सगळी कथा याच 'नाही'भोवती फिरते.

आता खरे समीकरण. त्याला आपल्या परंपरेत 'वर्गप्रकृती' म्हणतात. एखाद्या संख्येचा वर्ग घ्यावा, त्याला ठरावीक संख्येने गुणावे, त्यात १ मिळवावा, आणि येणारी संख्याही पूर्ण वर्ग असावी. गुणणारी संख्या 'प्रकृती', पहिले मूळ 'कनिष्ठ', दुसरे 'ज्येष्ठ'. प्रकृती ३ असेल तर उत्तर हातच्या बोटांवर निघते: कनिष्ठ १, ज्येष्ठ २. प्रकृती ९२ असेल तर कनिष्ठ १२० आणि ज्येष्ठ ११५१. ही उकल वर्षभरात काढणारा तो खरा गणक, असे ब्रह्मगुप्ताने इ.स. ६२८ च्या आपल्या ग्रंथात म्हटले होते. भास्कराचार्यांनी बीजगणितात घेतलेले एक उदाहरण ६१ चे आहे. सर्वांत लहान उत्तर असे: कनिष्ठ २२,६१,५३,९८० आणि ज्येष्ठ १,७६,६३,१९,०४९. प्रकृती ६० किंवा ६२ असती तर दोन अंकी संख्यांत काम भागले असते. ६१ ला मात्र अब्जापलीकडे जावे लागते. एकेक संख्या घालून पाहणाऱ्याची हयात सरली असती.

भास्कराचार्य घालून पाहत नाहीत, त्यांच्याकडे 'चक्रवाल' आहे. आठचा वर्ग ६४, तो ६१ पेक्षा ३ ने जास्त. हा ३ म्हणजे 'क्षेप'. आपल्याला क्षेप १ हवा आहे. चक्रवालाची एक फेरी अशी की कुट्टकाने एक सोयीची संख्या शोधायची, येथे ती ७, आणि तिच्या साहाय्याने नवे कनिष्ठ व नवे ज्येष्ठ काढायचे. ते येतात ५ आणि ३९. एकोणचाळीसचा वर्ग १५२१, आणि ६१ गुणिले २५ म्हणजे १५२५. क्षेप आता उणे ४ झाला. येथून ब्रह्मगुप्ताच्या 'भावने'ची, म्हणजे दोन उकलींवरून तिसरी बनवण्याची, आडवाट घेता येते आणि अब्जावरचे उत्तर काही ओळींत उभे राहते. ती आडवाट नको असेल तर चक्र फिरवत राहावे, क्षेप १ होईपर्यंत. ही रीत संपूर्णपणे भास्कराचार्यांची नव्हे. त्यांच्या आधीच्या जयदेव नावाच्या गणित्याच्या ओळी इ.स. १०७३ च्या एका टीकेत उद्धृत केलेल्या मिळतात. पण तिची आटोपशीर मांडणी बीजगणितातच आहे.

येथे एक प्रश्न विचारायला हवा, आणि अभिमानाच्या भरात तोच नेमका राहून जातो. चक्र फिरवत राहिले की क्षेप १ येईल, याची हमी काय? कुट्टकात बाकी लहान होत जाते, तसे येथे काही दिसत नाही. क्षेप ३ वरून उणे ४ झाला, आकार वाढलाच. ६१ साठी आले, ६७ साठी आले, पण पुढच्या एखाद्या संख्येसाठी चक्र कायमचे फिरत राहणार नाही कशावरून? भास्कराचार्यांच्या ग्रंथात याची सिद्धता नाही. यात त्यांना उणेपणा येत नाही, कारण सूत्रग्रंथाचे ते कामच नव्हते. परंतु जी गोष्ट ग्रंथात नाही ती असल्याचे सांगणे हा इतिहास नव्हे.

सिद्धतेला आपल्या टीकाकारांचा शब्द 'उपपत्ती'. ही परंपरा याच मुलखात वाढली. चाळीसगावजवळच्या पाटण येथील शिलालेख सांगतो की भास्कराचार्यांचा नातू चांगदेव हा यादव राजा सिंघण याच्या पदरी ज्योतिषी होता आणि आजोबांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी तेथे मठ होता. सोइदेव निकुंभाने १२०७ मध्ये त्या मठाला दान दिले. लेखाचा मुख्य भाग संस्कृतात असला तरी दानाचा व्यावहारिक तपशील जुन्या मराठीत कोरलेला आहे, म्हणून मराठीच्या अभ्यासकांनाही तो परिचित आहे.

भोकरहून नांदेडला यावे आणि गोदावरीच्या कडेने पश्चिमेला जावे, तर परभणी जिल्ह्यात पाथरी लागते. जुन्या ग्रंथांतले पार्थपूर ते हेच. तेथील ज्ञानराजाने १५०३ मध्ये 'सिद्धान्तसुंदर' लिहिला, आणि त्याचा मुलगा सूर्यदास याने बीजगणितावर १५३८ मध्ये व लीलावतीवर १५४१ मध्ये टीका रचल्या. सूर्यदास कवीही होता. सरळ वाचले तर रामकथा आणि उलट वाचले तर कृष्णकथा, असे एक काव्य त्याने रचले आहे. भाषेवर अशी हुकमत असलेला माणूस कुट्टकात रमला याचे नवल वाटायला नको. कोकणातल्या नांदगावच्या गणेश दैवज्ञाने १५४५ मध्ये लीलावतीवर 'बुद्धिविलासिनी' लिहिली आणि तिच्यात उपपत्ती दिल्या. सतराव्या शतकाच्या आरंभी कृष्ण दैवज्ञाने बीजगणितावरची उपपत्तींनी समृद्ध टीका लिहिली. त्याचे घराणे वऱ्हाडातून काशीला गेलेले होते. 'रीत सांगितली, आता ती का चालते ते सांगा' ही मागणी या मंडळींना पुरती ठाऊक होती. चक्र प्रत्येक वेळी पूर्ण होतेच, याची उपपत्ती मात्र या परंपरेत मिळत नाही.

युरोपात हाच प्रश्न स्वतंत्रपणे उभा राहिला. फ्रान्सच्या फेर्माने १६५७ मध्ये समकालीनांना आव्हान दिले, आणि योगायोग असा की त्याने निवडलेल्या संख्यांत ६१ होती. ऑयलरने या समीकरणाला चुकून पेल नावाच्या इंग्रज गणित्याचे नाव चिकटवले, ते आजही सुटलेले नाही. प्रकृती पूर्ण वर्ग नसेल तर उकल असतेच, हे लाग्रांजने १७६८ च्या सुमारास सिद्ध केले. खुद्द चक्रवालाचे चक्र नेहमी पूर्ण होते, याची आधुनिक सिद्धता १९२९–३० मध्ये म्हैसूरच्या ए. ए. कृष्णस्वामी अय्यंगार यांनी दिली. कवी ए. के. रामानुजन यांचे हे वडील. म्हणजे बाराव्या शतकातल्या रीतीला तिची हमी मिळायला पावणेआठशे वर्षे लागली.

आणि नेमक्या त्याच वर्षांत युरोपात दुसरीच एक इमारत ढासळत होती.

जर्मन गणिती डेव्हिड हिल्बर्ट याने १९०० मध्ये पॅरिसच्या परिषदेच्या निमित्ताने नव्या शतकासाठी तेवीस प्रश्नांची यादी केली. त्यातला दहावा प्रश्न कुट्टक आणि चक्रवाल जाणणाऱ्याला ओळखीचा वाटेल. पूर्णांक सहगुणकांचे कोणतेही बहुपदी समीकरण दिले, त्यात अज्ञाते कितीही असोत, घात कितीही असोत, तर त्याला पूर्णांकांत उकल आहे की नाही हे मर्यादित पायऱ्यांत ठरवणारी एकच रीत सांगा. सर्व कुट्टकांचा कुट्टक, असे म्हणता येईल. १९२८ मध्ये हिल्बर्टने आकरमानसह याहून मोठी मागणी मांडली: तर्कशास्त्राच्या ठरलेल्या भाषेत लिहिलेले कोणतेही विधान सार्वत्रिक सत्य आहे की नाही, हे ठरवणारी रीत. दोन्ही ठिकाणी रीत आहेच, ती फक्त सापडायची आहे, असा त्याचा विश्वास होता.

त्या विश्वासाला पहिला तडा कुर्ट गोडेलने दिला. अंकगणित मावेल इतक्या कोणत्याही विसंगतिमुक्त, नियमबद्ध पद्धतीत काही सत्य विधाने सिद्ध न होता राहतातच, हे त्याने १९३१ मध्ये प्रसिद्ध केले. पण त्यामुळे 'रीत नाही' हे सिद्ध होत नव्हते, आणि त्यात एक अडचण होती. रीत आहे हे दाखवायला ती लिहून दाखवली की पुरे. भास्कराचार्यांना 'करणसूत्र म्हणजे काय' याची व्याख्या करण्याची गरज कधीच पडली नाही. रीत नाहीच हे सिद्ध करायचे, तर सर्व संभाव्य रीतींविषयी बोलावे लागते. मग आधी ठरवायला हवे की रीत कशाला म्हणायचे. अडीच-तीन हजार वर्षे माणसे अल्गोरिदम वापरत आली. त्यांची व्याख्या करण्याची वेळ त्यांच्या मर्यादेमुळे आली.

१९३६ मध्ये ही व्याख्या वेगवेगळ्या वाटांनी पुढे आली. अमेरिकेत अलोन्झो चर्चने, इंग्लंडमध्ये तेव्हा चोवीस वर्षांच्या ॲलन ट्युरिंगने. ट्युरिंगची अधिक पटते, कारण ती कागद-पेन्सिल घेऊन बसलेल्या हिशेबनीसावरून घेतलेली आहे. चौकोन पाडलेली लांबच लांब फीत, एका वेळी एकच चौकोन पाहणारे यंत्र, आणि नियमांचा लहानसा तक्ता: अमुक स्थितीत अमुक चिन्ह दिसले तर ते बदल, एक घर डावीकडे किंवा उजवीकडे सरक, आणि अमुक स्थितीत जा. माणूस डोके न लढवता, केवळ नियम पाळून जे जे मोजू शकतो ते सर्व हे यंत्र मोजू शकते, असा त्याचा दावा. चर्चची व्याख्या दिसायला अगदी वेगळी होती, पण दोहोंत मोजता येणाऱ्या गोष्टी तंतोतंत त्याच निघाल्या. व्याख्या योग्य असल्याचा याहून चांगला पुरावा मिळणे कठीण.

यंत्र हाती आले की चक्रवालाचाच जुना प्रश्न व्यापक रूपात परत येतो: दिलेले यंत्र थांबेल का? भोकरच्या स्थानकावर आदिलाबादकडे जाणाऱ्या गाडीची वाट पाहणारा प्रवासी डोळ्यांपुढे आणावा. वेळापत्रक नाही, उद्घोषणा नाही, विचारायला कोणी नाही. गाडी आली तर 'आली' हे खात्रीने म्हणता येते. न आलेली गाडी उशिराने येणार आहे की येणारच नाही, हे केवळ वाट पाहून कधीच ठरत नाही. ते ठरवायला बाहेरून काही माहिती हवी. कुट्टकात अशी माहिती असते, चक्रवालात ती अय्यंगारांनी पुरवली. मग सर्व यंत्रांसाठी ती पुरवणारी एकच रीत असेल का?

नाही. कारण आजच्या सोप्या रूपात असे सांगता येते. ट्युरिंगच्या निबंधात हा प्रश्न जरा निराळ्या शब्दांत आहे. कोणतेही यंत्र आणि त्याला दिलेली माहिती पाहून 'थांबेल' किंवा 'थांबणार नाही' असे अचूक सांगणारा एक परीक्षक आहे, असे समजू. त्याच्यावरून एक हट्टी यंत्र बनवता येते. ते कोणत्याही यंत्राचा तक्ता घेते आणि परीक्षकाला विचारते, 'या यंत्राला त्याचाच तक्ता दिला तर ते थांबेल का?' उत्तर 'थांबेल' आले तर हट्टी यंत्र कायमचे फिरत राहते. 'थांबणार नाही' आले तर तत्काळ थांबते. आता हट्टी यंत्राला त्याचा स्वतःचाच तक्ता द्यावा. परीक्षक काहीही म्हणो, ते खोटे ठरते. म्हणून असा परीक्षक असू शकत नाही. वेग वाढवून किंवा संगणक मोठा करून हे बदलत नाही.

हिल्बर्टची १९२८ ची मागणी येथे संपली. दहावा प्रश्न मात्र उरला. यंत्रांविषयीची ही गोष्ट साध्या बहुपदी समीकरणांपर्यंत कशी न्यायची? अमेरिकेच्या ज्युलिया रॉबिन्सन यांनी या प्रश्नाला दोन दशकांहून अधिक काळ दिला. त्यांना हवे होते ते एक असे बहुपदी समीकरण, ज्याच्या उकली घातांकी वेगाने वाढतात. बहुपदीमध्ये बेरीज-गुणाकारच असतात, त्यातून घातांकाची वाढ कशी काढायची? त्यांची नजर गेली ती 'पेल' समीकरणाकडे, म्हणजे आपल्या वर्गप्रकृतीकडे. प्रकृती ३ च्या ज्येष्ठ मुळांची ओळ पाहावी: २, ७, २६, ९७, ३६२. प्रत्येक संख्या मागचीच्या पावणेचार पटींच्या आसपास. भास्कराचार्यांना ६१ साठी अब्जांत नेणारी हीच ती झेप. गणकाला जी अडचण होती, ती येथे हत्यार झाली. १९५२ च्या निबंधात रॉबिन्सन यांनी हा मार्ग आखला, १९६१ मध्ये मार्टिन डेव्हिस आणि हिलरी पटनम यांच्यासह तो बराच पुढे नेला, आणि एकच दुवा राहिला. तो जानेवारी १९७० मध्ये लेनिनग्राडच्या बावीस वर्षांच्या युरी मातियासेविचने फिबोनाची संख्यांच्या साहाय्याने जोडला. लवकरच तीच सिद्धता वर्गप्रकृतीच्या उकलींवर बेतून पुन्हा लिहिली गेली, आणि डेव्हिसने १९७३ मध्ये मांडलेल्या त्या रूपातच ती आज बहुतेकांना शिकवली जाते. शीतयुद्धाच्या त्या काळात रॉबिन्सन आणि मातियासेविच पत्रांतून एकत्र काम करत राहिले.

निष्कर्ष असा: प्रत्येक यंत्रासाठी एक बहुपदी समीकरण लिहिता येते, आणि ते यंत्र थांबत असेल तरच त्या समीकरणाला पूर्णांक उकल असते. सर्व समीकरणे तपासणारी रीत असती, तर तिनेच थांबण्याचा प्रश्न सुटला असता. म्हणून ती रीत नाही. भास्कराचार्यांच्या 'दुष्ट' प्रश्न ओळखणाऱ्या कसोटीसारखी कसोटी एकघाती समीकरणांना आहे, द्विघातींनाही आहे, पण सर्वांना मिळून एकच असू शकत नाही. एकेक समीकरण सुटायला याने आडकाठी येत नाही, हे मात्र विसरू नये. तीन घनांच्या बेरजेने ३३ ही संख्या मिळवता येते का, हे २०१९ पर्यंत कोणाला माहीत नव्हते. ॲन्ड्रू बुकरने संगणकावर सोळा-सोळा अंकी संख्या शोधून काढल्या. त्याच वर्षी ४२ ही सुटली. ११४ अजून सुटलेली नाही. गाडी उशिरा आहे की नाहीच, हे तेथे कळायचे आहे.

आणखी एक जागा उघडी आहे, आणि तिचा धागा पुन्हा बीजगणितात जातो. वर्गप्रकृतीत १ मिळवण्याऐवजी वजा करायचा असेल, तर प्रकृती दोन वर्गांची बेरीज असल्याशिवाय प्रश्न 'खिल', म्हणजे निष्फळ, असा भास्कराचार्यांचा नियम आहे. ३४ म्हणजे २५ अधिक ९, तेव्हा नियमाने हरकत नाही. तरी पूर्णांकांत ३४ ची उकल नाही. अपूर्णांक चालत असतील तर मात्र आहे: कनिष्ठ एक तृतीयांश, ज्येष्ठ पाच तृतीयांश. भास्कराचार्य अपूर्णांक चालवून घेत, आणि त्या अर्थाने त्यांचा नियम दोन्ही बाजूंनी बरोबर आहे. हिल्बर्टचा दहावा प्रश्न पूर्णांकांऐवजी अशा अपूर्णांकांसाठी विचारला, तर रीत आहे की नाही, हे आजही कोणी सिद्ध केलेले नाही.